तिची हकिकत, तिच्याच तोंडून

जुन्या शाहिरांचे पोवाडे गोळा करून हॅरी आर्बथनॉट अ‍ॅकवर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी १८९१ साली जो संग्रह प्रसिद्ध केला, त्याच्या नावात ‘इतिहासप्रसिद्ध पुरुषांचे’ या शब्दांपुढे ‘व स्त्रियांचे’ हेही शब्द आवर्जून घातलेले आहेत. आणि त्यातील तुळशीदास शाहिराचा सिंहगडचा पोवाडा ज्याने मन लावून वाचला असेल, त्याला ते शब्द केवळ शोभेसाठी आलेले नाहीत हे सहज पटेल. प्रतापगडावर बसलेल्या जिजाबाईंची दृष्टी कोंढाण्याकडे जाते, त्या राजगडाहून पुत्राला बोलावून घेतात, फाशांचा डाव मांडतात, तो जिंकतात आणि पणात तो किल्ला मागून घेतात. इकडे उमरठला तानाजी मालुसऱ्यांच्या मुलाच्या, रायबाच्या, लग्नाची गडबड चाललेली असताना राजाचा हुकूम येऊन पोहोचतो, आणि पुढचे जे काही घडते ते सारे त्या एका मातेच्या मागणीतून घडते. शाहिराचे हे कथन इतिहासकाराच्या तराजूत कमी भरेल, पण स्त्रीची इच्छा ही राज्यकारभारातली एक शक्ती आहे, ही त्याची समजूत मात्र तीनशे वर्षांनंतरच्या पुष्कळ चरित्रकारांहून अधिक जाणती आहे.

आज पोलादपूर तालुक्यातील या उमरठला येणारा प्रवासी तानाजी मालुसऱ्यांच्या समाधीपुढे हात जोडतो, शेलारमामांच्या समाधीचे दर्शन घेतो, आणि माघ वद्य नवमीला येथे जमणाऱ्या मंडळींत मिसळून पोवाडाही ऐकतो. मांडवातून वरपिता निघून गेला आणि पुढे त्याचे कलेवरच घाट उतरून आले, असे ज्या घरी झाले, त्या घरातल्या स्त्रियांवर काय गुदरले, घरची शेतीवाडी आणि वतनाचा कारभार पुढे कोणी ओढला, रायबाला कोणी वाढवले, हे विचारावे असे त्याच्या मनात आले तरी विचारण्याजोगे ठिकाण त्याला सापडत नाही. दप्तरांत सनदा आहेत, महजर आहेत, इनामपत्रे आहेत. त्यांत स्त्रीचे नाव आलेच तर बहुधा कोणाची तरी माता, कोणाची तरी पत्नी किंवा हयात वारस म्हणून येते, आणि तपशील तेथेच संपतो. ज्या प्रश्नासाठी ही पुस्तिका लिहिली गेली तो येथूनच उद्भवतो: ज्या स्त्रियांचा प्रभाव घरावर, गावावर, चळवळीवर, क्वचित राज्यावर पडला, त्यांचे चरित्र कागदाला सांगता आले नाही, तर ते चित्रफितीला सांगता येईल काय, आणि हे काम नव्याने हाती घेणाऱ्या माहितीपटकाराने, विशेषतः अशा स्त्रीने, कोणत्या वाटेने जावे?

चलच्चित्राची कला आपल्याकडे आली तीही प्रथम पुरुषांच्याच मागे धावली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सर्वांचे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये झालेली कुस्ती टिपली, आणि १९०१ च्या डिसेंबरात केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांचे स्वागत टिपले; मराठी माणसाच्या हातून झालेल्या माहितीपटाच्या या अगदी आरंभीच्या पाऊलखुणा होत, आणि त्यांचा अभिमान बाळगणे योग्यच आहे. पुढे १९१३ साली दादासाहेब फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती मिळेना, तेव्हा ती भूमिका अण्णा साळुंके या पुरुषाने केली, ही गोष्ट शाळेतल्या मुलांनाही ठाऊक असते. त्याच्या लगोलग काढलेल्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये ज्या दोन स्त्रिया कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या त्यांची नावे मात्र फार थोड्यांना सांगता येतील. नवऱ्यापासून वेगळ्या होऊन, लहान मुलीला घेऊन नाटक मंडळीत शिरलेल्या दुर्गाबाई कामत यांनी पार्वतीची भूमिका केली आणि त्यांची जेमतेम तेरा वर्षांची मुलगी कमला मोहिनी झाली. ज्या काळी नाटकात काम करणाऱ्या कुलीन स्त्रीला समाज वाळीत टाकी, त्या काळी या मायलेकींनी पोटासाठी आणि कलेसाठी जो निर्णय घेतला, त्यावाचून भारतीय चित्रपटात स्त्रीचा प्रवेश आणखी किती वर्षे लांबला असता हे सांगवत नाही. प्रभाव म्हणतात तो यालाच, मग त्याला सिंहासन असो वा नसो.

ही कमला पुढे कमलाबाई गोखले झाली. तरुण वयात वैधव्य आले, पदरी तीन मुलगे होते, आणि त्यांना वाढवण्यासाठी तिने गावोगाव फिरून नाटके केली, प्रसंगी पुरुषभूमिकाही केल्या. त्या तीन मुलांपैकी लालजी आणि सूर्यकांत तबलावादक झाले, चंद्रकांत गोखले नट म्हणून महाराष्ट्राच्या आदराचा विषय झाले, आणि नातू विक्रम गोखले यांनी तोच वारसा पुढे नेला. १९०० साली जन्मलेल्या या बाईने मूकपट, बोलपट, संगीत रंगभूमी असे एक अख्खे शतक अंगावर घेतले. परंतु तिच्या नव्वदीपर्यंत तिची हकिकत तिच्या तोंडून, तिच्या घरी बसून, घाई न करता ऐकून घ्यावी असे फारसे कोणाला सुचले नव्हते.

ते सुचले रीना मोहन या तरुण स्त्रीला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेऊन दुसऱ्यांच्या चित्रफिती जुळवण्याचे काम करणाऱ्या या स्त्रीने स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला माहितीपट म्हणजे १९९१ चा ‘कमलाबाई’, आणि त्याला पहिल्या चित्रकृतीसाठीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नव्याने या व्यवसायात येणाऱ्या प्रत्येकाने हा पट पाहावा असा माझा आग्रह आहे, आणि आग्रहाचे कारण पुरस्कार हे नाही. पुण्याच्या घरात एकट्या राहणाऱ्या, देहाने थकलेल्या परंतु जिभेने आणि स्मृतीने लखलखीत असलेल्या एका वृद्ध अभिनेत्रीसमोर दिग्दर्शिका बसते, आणि पाहता पाहता सूत्रे त्या अभिनेत्रीच्या हाती जातात. जुन्या नाटकांतली भाषणे ती बसल्या जागी म्हणून दाखवते, आवाज बदलते, हात उचलते, मध्येच थांबून समोरच्या मंडळींना उलट चार शब्द सुनावते. दुसऱ्या कोणी हा सारा भाग संकलनाच्या टेबलावर कापून काढला असता आणि उरलेल्या निवडक वाक्यांवर गंभीर निवेदकाचा आवाज चढवून एक सुबक श्रद्धांजली सादर केली असती. रीना मोहन यांनी ते कापले नाही. चित्रण करणारी आणि चित्रित होणारी यांच्यातली ओढाताण त्यांनी पटात राहू दिली, आणि त्यामुळेच कमलाबाई आपल्यापुढे सत्कारमूर्ती म्हणून न येता जन्मभर स्वतःच्या अटींवर उभी राहिलेली बाई म्हणून येतात. संकलनात मुरलेल्या व्यक्तीने न कापण्याचा निर्णय घ्यावा, यात मला तिच्या कलेची परिपक्वता दिसते.

या पटापूर्वीची दहा वर्षेही मराठीच्या दृष्टीने समृद्ध होती, हे आपण विसरून गेलो आहोत. बंगळुरात १९८० साली स्थापन झालेल्या ‘युगांतर’ या स्त्रियांच्या चित्रपटगटाने, ज्यात दीपा धनराज त्या वेळी नवख्याच होत्या, आपले पहिले दोन पट मराठी बोलणाऱ्या कष्टकरी स्त्रियांवर केले: पुण्याच्या घरकामगार स्त्रियांवरचा ‘मोलकरीण’ आणि निपाणीच्या तंबाखू कामगार स्त्रियांवरचा ‘तंबाखू चाकिला ऊब आली’. वखारीत तंबाखू चाळता चाळता श्वास कोंडणाऱ्या त्या स्त्रियांनी संघटना कशी उभी केली, मालकाला कसे नमवले, हे त्यांनी स्वतः सांगितले, आणि तो पट मग त्यांच्यासारख्याच दुसऱ्या कामगार स्त्रियांना दाखवला गेला. सीमाभागातल्या निपाणीच्या एका वखारीतली बाई इतिहासात प्रभावशाली स्त्री म्हणून नोंदली जाण्याची शक्यता शून्य होती. पटाने ती नोंद केली.

सुमित्रा भावे यांची वाट निराळी होती. समाजकार्याचे शिक्षण घेतलेल्या, कर्वे समाजसेवा संस्थेत वर्षानुवर्षे शिकवलेल्या या विदुषी ‘स्त्रीवाणी’ या संशोधन प्रकल्पात काम करीत होत्या. पुण्याच्या वस्त्यांतल्या दलित स्त्रियांच्या आत्मकथनांचे काम त्यांनी त्या काळात केले, आणि मग त्यांच्यापुढे एक साधा, परंतु टाळता न येणारा प्रश्न उभा राहिला: ज्या स्त्रियांवर संशोधन केले त्यांनाच अहवाल वाचता येत नसेल, तर तो अहवाल कोणासाठी? चित्रपटाचे कसलेही शिक्षण नसताना, चाळिशी उलटल्यावर, त्यांनी १९८५ साली ‘बाई’ हा लघुपट केला, पुढे १९८७ साली ‘पाणी’ केला, आणि या दोहोंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. त्यानंतर सुनील सुकथनकर यांच्या साथीने ‘दोघी’पासून ‘कासव’पर्यंत जे कथापट झाले ते सर्वज्ञात आहेत. ‘बाई’ला शास्त्राने माहितीपट म्हणावे की नाही यावर वाद होऊ शकेल, कारण त्यात रचलेली कथा आहे, परंतु मला तो वाद निष्फळ वाटतो. नव्या दिग्दर्शिकेने त्यांच्याकडून घ्यायचा तो हिशेब: जिची हकिकत घेतली तिला ती परत दाखवता आली पाहिजे, आणि ती पाहून तिने मान हलवली पाहिजे.

आता आपल्या खोऱ्याकडे येऊ. महाड आणि पोलादपूर या दोन तालुक्यांत प्रभावशाली स्त्रियांचा इतिहास इतका दाट पसरला आहे की एका दिग्दर्शिकेचे आयुष्य त्यावर खर्ची पडले तरी तो सरणार नाही. रायगडाच्या पायथ्याशी पाचाडला जिजाबाईंची समाधी आहे. राज्याभिषेकानंतर अवघ्या अकरा दिवसांनी, १७ जून १६७४ रोजी, त्यांनी देह ठेवला. वर गडावर १६८९ साली, पती क्रूरपणे मारला गेला असताना आणि मोगली फौजेचा वेढा आवळत असताना, महाराणी येसूबाईंनी दीर राजारामांना गडाबाहेर पडून राज्य वाचवण्याचा सल्ला दिला आणि स्वतः लहान शाहूसह मागे राहिल्या. नोव्हेंबरात गड पडला, आणि त्यानंतर सुटका होऊन स्वराज्यात परतायला त्यांना १७१९ साल उजाडावे लागले. राज्य कोणी वाचवले याचे उत्तर देताना आपण सेनापतींची नावे घेतो आणि ते योग्यही आहे, परंतु ज्या निर्णयामुळे वाचवायला राज्य उरले तो या बाईचा होता. कैदेतली ती तीस वर्षे पडद्यावर कशी दाखवायची? विश्वसनीय चित्र नाही, आवाज तर नाहीच. येथे नवखा दिग्दर्शक बहुधा दागिने घातलेली नटी आणतो, पार्श्वसंगीत वाढवतो, उडत्या कॅमेऱ्याने गडाभोवती घिरट्या घालतो; आणि या सर्व थाटात येसूबाई नाहीशी होते. माझ्या मते अशा ठिकाणी उणीव उणीव म्हणूनच दाखवावी. रिकामा वाडा रिकामाच ठेवावा, कागदपत्रातली जी ओळ उपलब्ध आहे ती तेवढीच वाचावी, आणि प्रेक्षकाच्या बुद्धीवर विश्वास टाकावा.

महाड शहराचा दाखला अधिक जवळचा आणि म्हणून अधिक चटका लावणारा आहे. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले; त्याच वर्षी २५ डिसेंबरला तेथेच मनुस्मृतीचे दहन झाले. त्या डिसेंबरातल्या मुक्कामात बाबासाहेब परिषदेला आलेल्या स्त्रियांशी स्वतंत्रपणे बोलले, लुगडे नेसण्याची पद्धत बदला, अस्पृश्यतेची खूण ठरलेले जड दागिने टाकून द्या, मुलींना शाळेत घाला, असे त्यांनी सांगितले, आणि ऐकणाऱ्या स्त्रियांनी ते लगोलग अमलातही आणले. सांगणाऱ्याचे शब्द चरित्रकारांनी जपले. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्यांची नेसण सोडून दुसरी धरली, त्या वेषात ज्या आपल्या गावी परतल्या, तेथे सवर्णांच्या आळीतून ज्यांना जावे लागले, त्यांना त्या वाटेवर काय ऐकावे लागले असेल? उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या वृद्ध कार्यकर्त्यांच्या घरोघर जाऊन, त्यांना बोलते करून, १९८९ साली ‘आम्हीही इतिहास घडवला’ हा ग्रंथ सिद्ध केला नसता तर चळवळीतला स्त्रियांचा वाटा एखाद-दुसऱ्या वाक्यात आटोपला असता. त्या दोघींजवळ कॅमेरा असता तर काय झाले असते, हा विचार मला राहून राहून सतावतो. मुलाखत देणाऱ्यांपैकी बहुतेकजणी आता हयात नाहीत.

आणि म्हणून जिवंत माणसांचा प्रश्न सर्वांत तातडीचा आहे. उमरठ आणि भोवतालच्या वाड्यांतला पुरुष पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या गिरणीत, गोदीत, हॉटेलात पोटाला गेला. गावी राहिली ती बाई. भाताची लावणी तिने केली, वरकस जमिनीत नाचणी-वरी तिने काढली, मनीऑर्डर येईपर्यंत घर तिने तगवले, सासू-सासऱ्यांचे शेवटचे तिने केले, भाऊबंदकीचा तंटा कचेरीपर्यंत गेला तेव्हा मामलेदारासमोर तीच उभी राहिली, आणि तरी सातबाऱ्याच्या उताऱ्यावर नाव बहुधा दुसऱ्याचेच राहिले. २०२१ च्या जुलैत महाड तालुक्यात तळियेवर आणि पोलादपूर तालुक्यात केवनाळे व साखर येथे दरडी कोसळल्या, तेव्हा वृत्तवाहिन्यांचे कॅमेरे आले. रडणाऱ्या स्त्रिया काही क्षण पडद्यावर दिसल्या आणि बातमी पुढे सरकली. बातमीला तेवढाच अवकाश असतो. माहितीपटकाराचे काम तेथून पुढे सुरू होते, जेव्हा बाकीचे निघून गेलेले असतात आणि त्याच बाईला पुन्हा चूल मांडायची असते.

अशा बाईपुढे कॅमेरा ठेवून ‘तुमच्या जीवनाविषयी सांगा’ म्हटले तर ती म्हणेल, ‘माज्याजवळ काय हाय सांगण्यासारखं?’ आणि पदर सावरून गप्प बसेल. तो तिचा नकार समजू नये. हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हिन यांनी महाराष्ट्रातल्या खेड्याखेड्यांतून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या जमवल्या, त्या कामातून जे कळते ते चित्रपटकारानेही ध्यानात धरावे. नुसते बसवून ओवी म्हणायला सांगितली तर म्हातारीला ती आठवत नाही. जात्याचा खुंटा हाती दिला, पाळूत मूठभर दाणे टाकले, पाय लांब करून ती बसली आणि पहिला फेरा झाला की बापाच्या, भावाच्या, सवतीच्या, लेकीच्या ओव्या एकीमागून एक येऊ लागतात, आणि जे ती सुनेपुढेही बोलली नाही ते ती जात्याला सांगून टाकते. तिची स्मृती हातांत आहे. म्हणून तिला कामात असतानाच चित्रित करावे: लावणीच्या चिखलात, भाकरी थापताना, लाकडाचा भारा उतरवून श्वास घेताना. यात अडचणी आहेत, आणि त्या नवख्याने आधीच जाणून घ्याव्यात. आषाढात पत्र्याच्या घरात ध्वनिमुद्रण होत नाही, पावसापुढे शेजारच्या माणसाचे बोलणे ऐकू येत नाही. आणि लावणी तर आषाढातच असते. तेव्हा काम पावसात टिपावे, बोलणे दिवाळीनंतर कोरड्या दिवसांत टिपावे, म्हणजे एका बाईसाठी निदान दोन ऋतू द्यावे लागतात. ज्याला दोन ऋतू द्यायचे नसतील त्याने हा विषय घेऊ नये.

द्रव्याची अडचण अर्थातच मोठी आहे. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाल्यापासून कितीतरी वर्षे चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी माहितीपट दाखवणे सक्तीचे होते, आणि त्यामुळे निदान पडदा तरी मिळे. आज तो पडदा नाही, आणि सरकारी साहाय्य मागणाऱ्याला अर्जविनंत्यांच्या फेऱ्यांत वर्षे घालवावी लागतात. तथापि उपकरण स्वस्त झाले आहे. पूर्वी जे चित्रण करायला फिल्मची रिळे आणि चारपाच माणसांचा ताफा लागे, ते आज महाडच्या महाविद्यालयात शिकणारी मुलगी हातातल्या मोबाइलवर करू शकते, आणि तिच्या आजीशी बोलायला तिला दुभाषा लागत नाही. बाहेरून आलेल्या निष्णात दिग्दर्शकाजवळ जे कधीच असणार नाही ते तिच्याजवळ जन्मतः आहे. तिने फक्त निवेदकाच्या मोहात पडू नये, ‘थोर’, ‘आदर्श’, ‘प्रेरणादायी’ ही विशेषणे घरी ठेवून यावीत, आणि आजी चिडली, विषय टाळला, खोटे बोलली, तर तेही पटात राहू द्यावे.

या पुस्तिकेच्या पुढील पानांत जे पट वर्णन केले आहेत ते या दृष्टीने पाहावेत, एवढेच वाचकाला सांगणे आहे. महाड-पोलादपूरच्या वाचकांना मात्र थोडे अधिक मागायचे आहे. कोणी मुलगी कॅमेरा घेऊन तुमच्या ओसरीवर आली तर तिला बसायला द्या, आणि ती तुमच्या आईला, आत्याला किंवा चुलतीला प्रश्न विचारू लागली की घरातल्या पुरुषांनी मधे उत्तर देऊ नये. ट्रंकेत जुने फोटो असतील तर प्रत्येकाच्या मागे त्यातल्या बाईचे पूर्ण नाव, माहेरचे गाव आणि साल आजच लिहून ठेवा. ते सांगू शकणारी व्यक्ती घरात असेल तोवरच ते लिहिता येईल.